ऐकण्याचा फुटबॉल : धावत्या समालोचनाची मराठी आणि मावळातील श्रोता

प्रस्तावना

फुटबॉलचा सामना पाहण्याची साधने गेल्या तीन दशकांत इतकी वाढली आहेत, की तो ऐकताही येतो ही गोष्ट चर्चेतून जवळजवळ बाद झाली आहे. तथापि ऐकणारा श्रोता संपलेला नाही. द्रुतगती मार्गावरून रात्री मालवाहू गाडी नेणारा चालक, तळेगावच्या औद्योगिक पट्ट्यात रात्रपाळीवर असलेला कामगार, पुणे–लोणावळा लोकलमध्ये उभ्याने प्रवास करणारा विद्यार्थी आणि ज्याला दृष्टीच नाही असा क्रीडाप्रेमी, या सर्वांपर्यंत सामना पोहोचतो तो कानांवाटे. त्यांच्या वाट्याला येणारा आवाज कोणत्या प्रतीचा आहे, आणि तो मराठीत यावयाचा असेल तर मराठीला काय करावे लागेल, हा प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

या विषयावरचे बोलणे बहुधा साधनांपाशी थांबते. कोणते ॲप घ्यावे, कोणते केंद्र लावावे, वर्गणी किती, एवढीच चौकशी होते. साधनांची वाण आता उरलेली नाही. वाण आहे ती श्रोत्यापुढे चित्र नाही हे गृहीत धरून बोलणाऱ्या निवेदकाची. क्रिकेटसाठी असा निवेदक मराठीने घडविला, फुटबॉलसाठी घडविला नाही. मावळ आणि लोणावळा परिसराच्या संदर्भात हा प्रश्न पाहण्याचे कारण असे, की येथे डोंगर लहरींची वाट अडवितात, आणि त्याच डोंगरांच्या पायथ्याशी धावत्या निवेदनाची एक अस्सल देशी परंपराही नांदते आहे.

लहरींची वाट

आंदर मावळ, नाणे मावळ आणि पवन मावळ ही तीन खोरी रेडिओच्या दृष्टीने तीन वेगळी घरे आहेत. एफएमच्या लहरी साधारणपणे दृष्टिरेषेत जातात. प्रक्षेपक आणि ग्राहक यांच्यामध्ये लोहगड-विसापूरसारखी भिंत आली की आवाज विरळ होतो अथवा नाहीसा होतो. मध्यम लहरी मात्र जमिनीलगत वळणे घेत दूरवर जातात. त्यामुळेच एफएम सुरू झाल्यानंतरही खोऱ्यांतील जुन्या घरांतून मध्यम लहरींवरचे पुणे केंद्र ऐकले जात राहिले. मध्यम लहरींनाही घाटातील बोगद्यात शिरता येत नाही. मुंबईहून पुण्याकडे येणाऱ्या गाडीत ट्रान्झिस्टर कानाशी धरून बसलेल्या प्रवाशाला कर्जत ते लोणावळा या टप्प्यात सामना तुकड्यातुकड्यांनी मिळे, आणि दोन बोगद्यांच्या मध्ये काय घडले ते त्याला शेजाऱ्याशी तर्क लढवूनच ठरवावे लागे.

इंटरनेटने अंतर मिटविले, परंतु वेळ लांबविली. रेडिओ लहरींवरून येणारा आवाज जवळजवळ तत्क्षणी पोहोचतो. इंटरनेटवरून येणारा साठवत साठवत येतो, आणि कित्येक सेकंद मागे राहतो. शेजारच्या घरातून आरोळी उठते तेव्हा मोबाइलवर ऐकणाऱ्याच्या कानात चेंडू अजून मध्यरेषेवरच असतो. धावत्या समालोचनाचा प्राण असलेली तात्कालिकता येथे हरवते. शिवाय हक्कांच्या सीमा आहेत. बीबीसीच्या क्रीडावाहिनीवरील प्रीमियर लीगचे थेट समालोचन हक्कांच्या अटींमुळे ब्रिटनबाहेर इंटरनेटवरून ऐकू दिले जात नाही. युरोपातील अनेक क्लब स्वतःच्या संकेतस्थळावरून अथवा ॲपवरून ध्वनिसमालोचन देतात. ते इंग्रजीत किंवा त्यांच्या भाषेत असते, आणि निवेदक उघडपणे घरच्या संघाचा भाट असतो. उरतो तो सर्वाधिक वापरला जाणारा मार्ग : दूरचित्रवाणीचेच प्रक्षेपण मोबाइलवर लावायचे, पडदा खिशात ठेवायचा आणि आवाज ऐकायचा.

हा शेवटचा मार्ग सोयीचा असला तरी तो ऐकण्याचा मार्ग म्हणून जवळजवळ निरुपयोगी आहे. त्याचे कारण तंत्रात नसून भाषेत आहे.

चित्रासाठीचे बोलणे आणि कानासाठीचे बोलणे

दूरचित्रवाणीवरील समालोचक चित्राला जोड देतो. चेंडू कोठे आहे हे प्रेक्षकाला दिसतच असते. म्हणून तो खेळाडूचे नाव घेतो, थोडा थांबतो, मागच्या हंगामातील आकडा सांगतो, सहसमालोचकाशी थट्टा करतो. ‘काय सुरेख पास!’ हे वाक्य पाहणाऱ्यासाठी पूर्ण आहे. ऐकणाऱ्यासाठी ते जवळजवळ शून्य आहे : कोणी, कोणाला, कोठून, कोठे, हे काहीच त्यात नाही. खिशातल्या मोबाइलवरून असे तासभर ऐकणाऱ्याला गर्दीचा आवाज चढला-उतरला एवढेच कळते. त्याला सामना मिळत नाही. इतरांना सामना मिळत असल्याची वार्ता मिळते.

रेडिओच्या आरंभकाळात ही जाणीव किती तीव्र होती, हे १९२७ च्या दोन घटनांवरून दिसते. त्या वर्षी १५ जानेवारीला बीबीसीने इंग्लंड–वेल्स रग्बी सामन्याचे धावते समालोचन प्रसारित केले. समालोचक हेन्री वेकलम यांच्यासमोर युद्धात दृष्टी गमावलेल्यांसाठीच्या सेंट डन्स्टन्स या संस्थेतील एका अंध क्रीडाप्रेमीला बसविण्यात आले होते. वेकलम यांनी त्याला सामना सांगावा, आणि देशाने तो ऐकावा, अशी योजना होती. आठवड्याने, २२ जानेवारीला, आर्सेनल आणि शेफील्ड युनायटेड यांच्यातील सामना प्रसारित झाला. फुटबॉल लीगमधील सामन्याचे ते ब्रिटनमधील पहिले थेट ध्वनिप्रक्षेपण होय. त्यासाठी ‘रेडिओ टाइम्स’ने मैदानाचा आठ चौकोनांत विभागलेला आराखडा छापला. वेकलम खेळ सांगत आणि दुसरा आवाज मधूनमधून केवळ चौकोनाचा आकडा उच्चारी. श्रोता आराखड्यावर बोट ठेवून ऐके.

चौकोनांची ही पद्धत पुढे मागे पडली, कारण निपुण निवेदकांना तिची गरज उरली नाही. तिच्यातील तत्त्व मात्र फुटबॉलच्या ध्वनिसमालोचनाचे पहिले तत्त्व आहे : आधी जागा, मग माणूस, मग कृती. युरोपीय चषक स्पर्धेत २०१२ पासून आणि विश्वचषकात २०१४ पासून अंध प्रेक्षकांसाठी मैदानातच जे वर्णनात्मक ध्वनिसमालोचन दिले जाऊ लागले, त्याचेही तत्त्व हेच. नवे म्हणून जे मांडले गेले ते वस्तुतः वेकलमसमोरच्या त्या श्रोत्याकडे परत जाणे होते.

येथे शब्दाविषयी एक बाब नोंदविण्याजोगी आहे. मराठीत साहित्यकृतीच्या परामर्शाला ‘समालोचन’ म्हणतात आणि सामन्याच्या निवेदनालाही. ‘लोच्’ हा पाहण्याचा धातू आहे. समालोचन म्हणजे नीट, सर्व बाजूंनी पाहणे. पाहण्याचे काम दुसऱ्यावर सोपवून स्वतः मतप्रदर्शन करणाऱ्या निवेदकाला हा शब्द शोभत नाही. साहित्याच्या प्रांतातही कृती न सांगता अभिप्राय देणारे समालोचक थोडे नाहीत, हा भाग वेगळा.

क्रिकेटने घडविलेला कान

भारतात धावत्या समालोचनाचा पाया मुंबईतील चौरंगी-पंचरंगी क्रिकेट सामन्यांच्या काळात घातला गेला. ए. एफ. एस. तल्यारखान यांचा इंग्रजी आवाज १९३० च्या दशकात घरोघरी पोहोचला. माइक दुसऱ्या कोणाबरोबर वाटून घ्यायला ते तयार नसत, हे प्रसिद्धच आहे. स्वातंत्र्यानंतर पुणे केंद्र १९५३ मध्ये सुरू झाले. आकाशवाणीवर मराठी क्रिकेट समालोचन रुजविणाऱ्यांत बाळ ज. पंडित (निधन २०१५) यांचे नाव अग्रभागी येते. स्वतः खेळलेला माणूस मराठीतून खेळ सांगत होता, हे त्या निवेदनाचे बळ होते.

या निवेदनाला हाताशी एक घडीव शब्दसंग्रह होता. निर्धाव षटक, चौकार, झेलबाद, धावबाद, त्रिफळाचीत, यष्टिचीत, पायचीत. यांतील ‘चीत’ हे कुस्तीच्या आखाड्यातून आलेले आहे. परक्या खेळातील बाद होण्याचा प्रकार मराठी श्रोत्याला आखाड्यातील पराभवाच्या शब्दाने कळावा, यात भाषेची समज दिसते. ‘पायचीत’ हा शब्द इंग्रजीतील लांबलचक पदसमूहापेक्षा आटोपशीर आहे, इतकेच नव्हे तर तो कानाला लगेच समजतो.

श्रोताही तयार होता. पुणे केंद्राच्या साहाय्याने १९५६ मध्ये मराठी भाषिक पाच जिल्ह्यांतील दीडशे गावांत रेडिओ ग्रामीण मंचांचा प्रयोग झाला. युनेस्कोच्या पाठबळाने झालेल्या या प्रयोगात गावकरी एकत्र बसून शेतीविषयक कार्यक्रम ऐकत आणि नंतर त्यावर चर्चा करीत. प्रयोगाचा हेतू शेतीसुधारणेचा होता, खेळाचा नव्हता. तरीही एकत्र बसून, लक्ष देऊन, प्रश्न विचारीत ऐकण्याची सवय या भागात कशी मूळ धरत होती, याचे हे नोंदलेले उदाहरण आहे. चहाच्या दुकानातील रेडिओभोवती जमणारा पुढच्या दशकांतील क्रिकेटचा श्रोता याच मुशीतला.

फुटबॉलला असे काही लाभले नाही. कोलकात्यात अजय बसू, कमल भट्टाचार्य आणि पुष्पेन सरकार यांनी बंगाली फुटबॉल समालोचनाला लोकमान्यता मिळवून दिली. तेथे मोहन बागान–ईस्ट बंगाल सामना मैदानाइतकाच रेडिओवर खेळला जाई. महाराष्ट्रात फुटबॉल नव्हता असे नाही. मुंबईच्या कूपरेजवर रोव्हर्स चषक १८९१ पासून शतकाहून अधिक काळ गाजला. कोल्हापुरात तालमींचे संघ शाहू स्टेडियमवर आजही खेळतात. पाटाकडील, खंडोबा, शिवाजी, प्रॅक्टिस यांचे सामने तेथे पेठेच्या इभ्रतीचा विषय असतात. पण जेथे प्रक्षेपणाची मोठी केंद्रे होती त्या मुंबईत फुटबॉलचा प्रेक्षक बहुभाषिक होता, आणि जेथे प्रेक्षक अस्सल मराठी होता त्या कोल्हापुरात खेळ पायी चालत जाऊन पाहण्याच्या अंतरावर होता. निवेदकाची गरज दोन्हीकडे वेगवेगळ्या कारणांनी पडली नाही.

मावळच्या सर्वांत जवळचे व्यावसायिक फुटबॉलचे मैदान बालेवाडीचे. २००७ मध्ये स्थापन झालेला पुणे एफसी तेथे आय-लीगचे सामने खेळला. २०१४ ते २०१९ या काळात एफसी पुणे सिटी हा संघ इंडियन सुपर लीगमध्ये होता. दोन्ही संघ आज अस्तित्वात नाहीत. मराठी कानात त्यांचा एखादा गोल राहिला आहे काय, असा प्रश्न विचारला तर उत्तर नकारार्थी द्यावे लागेल. १९७१ चे विजय ज्यांनी पाहिले नाहीत, केवळ ऐकले, त्यांना ते पाठ आहेत.

क्रियापदाची अडचण

मराठी फुटबॉल समालोचनाची खरी अडचण शब्दांची नाही. कोल्हापूर आवृत्त्यांच्या क्रीडापानांनी शब्द दिलेले आहेत : गोलरक्षक, आघाडी फळी, बचाव फळी, बगल, चढाई, मुसंडी, पूर्वार्ध, जादा वेळ. पास, कॉर्नर, फाऊल, पेनल्टी, टायब्रेकर हे शब्द मराठीच झाले आहेत, त्यांना पर्याय शोधण्याचा अट्टाहास व्यर्थ आहे. अडचण वाक्यरचनेची आहे.

मराठीत क्रियापद वाक्याच्या शेवटी येते. क्रिकेटला हे मानवते. गोलंदाज धावत येतो, चेंडू टाकतो, फलंदाज पुढे सरसावतो आणि वाक्य ज्या क्रियापदावर संपते त्याच क्षणी निकालही लागतो. पुढच्या चेंडूपर्यंत निवेदकाला श्वास घ्यायला वेळ असतो. वाक्याचा घाट आणि खेळाचा घाट एकच आहे. फुटबॉलमध्ये तसे होत नाही. ‘डाव्या बगलेतून आलेला चेंडू छातीवर घेऊन मधल्या फळीतील खेळाडूने उजवीकडे मोकळ्या असलेल्या सहकाऱ्याकडे ढकलला’ हे वाक्य व्याकरणदृष्ट्या निर्दोष आहे. परंतु ‘ढकलला’ हे पद उच्चारले जाईपर्यंत तो चेंडू प्रतिस्पर्ध्याने हिरावून घेतलेला असतो. निवेदक भूतकाळ सांगत राहतो आणि मैदानावरचा जल्लोष त्याच्या वाक्याच्या मध्येच फुटतो.

यावर उपाय भाषेतच आहे. बोली मराठी क्रियापद खुशाल गाळते. ‘चेंडू डावीकडे. मध्यरेषेजवळ. पुढे लांब फटका, उजव्या कोपऱ्यात, तिथे एकटाच, बॅक मागे, आत पास, गोलरक्षक पुढे... अडवला!’ येथे क्रियापद एकच, आणि ते निर्णायक क्षणासाठी राखून ठेवलेले. अलीकडे, पलीकडे, आत, कडेला, मागे, मधोमध अशी स्थलवाचक अव्यये आणि विभक्तिप्रत्यय यांच्या जोरावर मराठी वाक्य क्रियापदाविना बराच वेळ चालू शकते. दूरचित्रवाणी आणि इंटरनेटवरील अलीकडचे मराठी क्रीडानिवेदन, उदाहरणार्थ २०२३ च्या आयपीएल हंगामात इंटरनेटवरून दिले गेलेले मराठी समालोचन, हे बळ फारसे वापरत नाही. ते गप्पांकडे झुकते. चित्र समोर असल्यामुळे ते खपूनही जाते.

घाटातला आवाज

मावळात हे बळ वापरणारा निवेदक मात्र आहे, आणि तो रेडिओवर नाही, यात्रेत आहे. बैलगाडा शर्यतीत ‘घाट’ म्हणजे शर्यतीची धावपट्टी. घोडीमागून गाडा सुटतो आणि अवघ्या काही सेकंदांत बारी संपते. घाटाच्या दोन्ही अंगांना दाटलेल्या गर्दीत मागच्या रांगांना धूळ आणि फेट्यांचे शेंडे यांखेरीज काही दिसत नाही; त्यांना शर्यत मिळते ती ध्वनिक्षेपकातून. गाडामालकाचे नाव, गाव, मग ‘भिर्रर्र’चा लांबवलेला नाद, आणि शेवटी घड्याळातले सेकंद. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१४ च्या बंदीमुळे हा आवाज काही वर्षे थांबला होता. डिसेंबर २०२१ मध्ये सशर्त परवानगी मिळाली, आणि मे २०२३ मध्ये घटनापीठाने राज्याचा कायदा वैध ठरविल्यानंतर तो पुन्हा स्थिरावला. शर्यतीच्या नैतिकतेचा प्रश्न स्वतंत्र आणि गंभीर आहे. येथे विचार केवळ निवेदनाचा आहे.

हे निवेदन नाव आधी सांगते, क्रियापद टाळते, आवाजाच्या चढाने वेग दाखविते आणि आकड्यावर थांबते. धावत्या खेळाचे मराठी व्याकरण ते नकळत पाळते. त्याची मर्यादाही स्पष्ट आहे. ते उपस्थितांसाठी आहे. ते उत्साह वाढविते, पण कोणता बैल कोठे दबला, गाडा कोणत्या अंगाला झुकला हे सांगत नाही. घरी बसलेल्या श्रोत्याला केवळ त्यावर शर्यत उभी करता येणार नाही. या निवेदकाची गती आणि आकाशवाणीच्या क्रिकेट निवेदकाची वर्णनशिस्त यांची गाठ मराठीत अद्याप पडलेली नाही. फुटबॉलला नेमकी तीच हवी आहे.

परवानगी आणि प्रयत्न

या गाठीसाठी जागा कोठे आहे, याचे उत्तर थोडे अनपेक्षित आहे. लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये बंगाल क्रिकेट असोसिएशनच्या खटल्यात म्हटले. राष्ट्रीय महत्त्वाच्या सामन्यांचे प्रक्षेपण प्रसार भारतीला देण्याबाबतच्या २००७ च्या कायद्यात दूरचित्रवाणी आणि रेडिओ यांचा स्वतंत्र उल्लेख आहे. उत्पन्नाची वाटणीही वेगळी, पहिल्यासाठी किमान ७५:२५ आणि दुसऱ्यासाठी ५०:५०. रेडिओ समालोचन ही चित्राची सावली नसून स्वतंत्र वस्तू आहे, हे कायद्याला मान्य आहे. क्रीडासमीक्षेला ते अजून पुरते मान्य नाही. वृत्तपत्रांतून सामन्याचे परीक्षण होते, निवेदनाचे होत नाही.

खासगी एफएमला थेट क्रीडाप्रक्षेपण सर्वसाधारणपणे वर्ज्य आहे. परंतु २०११ मध्ये जाहीर झालेल्या तिसऱ्या टप्प्याच्या धोरणात स्थानिक स्वरूपाच्या सामन्यांचे थेट समालोचन करण्यास मुभा ठेवण्यात आली. म्हणजे प्रीमियर लीग नाही, तरी तालुका अथवा जिल्हा पातळीवरील फुटबॉल सामना मराठीतून लहरींवर आणण्याचा दरवाजा तेव्हापासून उघडा आहे. त्या दरवाजातून मराठी फुटबॉल फारसा आत आलेला नाही. जाहिरातदार मिळत नाही हे कारण सांगितले जाते, आणि ते खोटेही नाही. मात्र निवेदकच तयार नसेल तर जाहिरातदाराने कशावर पैसे लावावेत?

निवेदक तयार करण्यासाठी मोठ्या खर्चाची आवश्यकता नाही. महाविद्यालयांच्या आंतरमहाविद्यालयीन सामन्यांत मराठी विभाग आणि शारीरिक शिक्षण विभाग यांना एकत्र येऊन हा प्रयोग करता येईल. वेकलमच्या आराखड्यातील आकडे मात्र येथे उसने घेऊ नयेत. मावळी बोलीत दिशा सांगण्याची रीत उताराची आणि खुणांची आहे : वरचे अंग, खालचे अंग, नदीकडची बाजू, डोंगराकडची बाजू. लोहमार्गालगतच्या मैदानावर एक गोल मुंबईकडचा आणि दुसरा पुण्याकडचा म्हटला, एक कड रुळांकडची आणि दुसरी डोंगराकडची म्हटली, की चार शब्दांत मैदान श्रोत्याच्या मनात उभे राहते. मध्यंतरानंतर संघ बाजू बदलतात, गोल बदलत नाहीत. त्यामुळे खुणा नव्वद मिनिटे टिकतात. पहिल्या सामन्यात निवेदकासमोर डोळ्यांवर पट्टी बांधलेल्या विद्यार्थ्याऐवजी खरोखर दृष्टिहीन असलेला विद्यार्थी बसवावा, आणि चेंडू कोठे आहे हे कळेनासे होताच हात वर करण्याचा अधिकार त्याला द्यावा.